मागितलेलं मिनिट

त्या दिवशी ती कोबी आणायला बाहेर पडली होती. खायला नव्हे, मोडायला.

सिनेमात कुणी जिन्यावरून गडगडत खाली आलं की 'कड्' असा आवाज होतो आणि आपल्या पोटात गोळा येतो ना, ते हाड बहुतेक वेळा कोबीचं असतं. तिचं कामच ते. ज्या सिनेमांच्या पाठीशी ना मोठी कंपनी असते ना मोठा नट, चार-सहा जणांनी मिळून केवळ हट्टापायी केलेले ते सिनेमे, त्यांना ती संगीत द्यायची. आणि संगीताबरोबर पावलं, दारं, पाऊस, चमचे, हाडं, सगळं तीच वाजवायची. भाजीवाली तिला चांगली ओळखून होती.

"आज काय, हात की पाय?" भाजीवालीनं विचारलं.

"मान आहे," ती म्हणाली आणि एकेक गड्डा कानाशी धरून टिचकी मारून बघू लागली.

"अगं बाई! मग घट्ट बघून घ्या."

दोघी हसल्या. हे मुद्दाम सांगतोय, कारण त्यानंतर तिला कुणी हसताना पाहिल्याचं माझ्या तरी ऐकिवात नाही.

घरी आली तर जिन्यात दिग्दर्शक बसलेला. तिशीच्या आतला पोरगा, दाढी वाढलेली, डोळे खोल गेलेले. तीन वर्षं एकाच सिनेमाच्या मागे हात धुऊन लागला होता.

"ताई, ते शेवटचं मिनिट."

"परत?"

"शनिवारी खेळ आहे. आज मंगळवार. पाया पडतो तुमच्या, पण ते मिनिट खोटं वाटतंय हो."

त्याच्या सिनेमात शेवटी एक मुलगी आईच्या रिकाम्या खाटेशेजारी बसलेली असते. एक मिनिट. काही घडत नाही, कुणी बोलत नाही. त्या मिनिटासाठी तिनं पाच चाली बांधल्या होत्या. पाचही त्यानं नाकारल्या आणि खरं सांगायचं तर पाचही तिलाच पटल्या नव्हत्या. स्वतःची आई गेल्यापासून, तीन वर्षं, तिला एक सूर धड सुचला नव्हता. बोलावणारे एकेक करून कमी झाले होते. हा सिनेमाही हातचा गेला असता, तर घरातली आवाजाची खोली बंद करून दादाच्या दुकानात बसायचं, एवढंच काय ते राहिलं होतं.

"संगीत नकोच मला," तो म्हणाला. "शांतता द्या. पण खरी."

आता तुम्ही म्हणाल, शांतता ती काय द्यायची? आवाज बंद केला की झालं. पण तसं नसतं. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी. कुठे लांबच्या रस्त्याची घरघर असते, कुठे भिंतीतल्या नळाची, कुठे नुसती माणसांच्या असण्याची. एका खोलीच्या दृश्याला दुसऱ्या खोलीची शांतता जोडली, तर बघणाऱ्याला चूक सांगता येत नाही, पण त्याचा कान फसत नाही. म्हणून चित्रीकरण झालं की त्या खोलीत सगळ्यांनी आहे तिथे दगडासारखं उभं राहायचं आणि एक मिनिट नुसती शांतता ध्वनिमुद्रित करायची.

ती ज्या म्हाताऱ्या ध्वनिमुद्रकाच्या हाताखाली शिकली, त्याच्या काही पद्धती होत्या. घुरघुरणारं सगळं बंद करायचं. फ्रिज बंद केला तर घराच्या किल्ल्या फ्रिजमध्ये ठेवायच्या, म्हणजे तो पुन्हा चालू केल्याशिवाय माणूस घराबाहेर पडूच शकत नाही. दोन बोटं वर केली की सगळे गप्प. आणि मिनिट झालं की ज्यानं ते मागितलं त्यानंच मोठ्यानं म्हणायचं, "सोडलं!" तोवर कुणी हलायचं नाही, मग आकाश का कोसळेना. म्हातारा त्या बाबतीत फार कडक होता. "लोकांची शांतता घेतलीस ना? मग परत कर," म्हणायचा.

तिच्या घरात हे सगळ्यांच्या अंगवळणी पडलं होतं. आईच्या तर फारच. लेकीची दोन बोटं वर गेली की आई तोंडातला घास चावायची थांबायची. आणि मिनिटभरानं दबक्या आवाजात विचारायची, "टिटवे, आता बोलू का?" लहानपणी दिवसभर तोंडानं कसले कसले आवाज काढायची म्हणून आईनं तिचं नाव टिटवी ठेवलं होतं. आई सोडून तिला त्या नावानं कुणी हाक मारत नसे.

"खरी शांतता आहे माझ्याकडे," ती दिग्दर्शकाला म्हणाली. "उद्या या."

म्हणाली खरी, पण मग बराच वेळ कोबी मांडीवर घेऊन नुसती बसून राहिली.

कारण ती शांतता तिनं तीन वर्षांत एकदाही ऐकली नव्हती.

झालं होतं ते असं. आई शेवटचे चार महिने अंथरुणावर होती. खाटेशेजारी प्राणवायूचं यंत्र सतत धापा टाकायचं. त्या वेळीही एका सिनेमाला आजाऱ्याच्या खोलीची शांतता हवी होती, आणि आजाऱ्याची खोली घरातच होती. दुपारचे चार वाजले होते. तिनं फ्रिज बंद केला, किल्ल्या आत ठेवल्या. आईशेजारच्या खुर्चीवर बसून माइक लावला. आणि यंत्र बंद केलं.

एक मिनिटानं काय होतंय, असं तिला वाटलं. चादर बदलताना परिचारिकाही बंद करायची की.

आईनं मान वळवली. काहीतरी सांगायला ओठ उघडले. आणि तिनं दोन बोटं वर केली.

आई शहाण्या मुलीसारखी गप्प बसली.

मिनिट झालं तेव्हा तिनं घड्याळावरची नजर काढून आईकडे पाहिलं, आणि "सोडलं" म्हणायचं राहूनच गेलं. यंत्र तेवढं तिनं चालू केलं. मग दादाला फोन केला. "झोपेतच गेली रे," म्हणाली. दुसऱ्या दिवशी घराच्या किल्ल्या सापडेनात. दादानं फ्रिज उघडला तर आतलं दूध नासलेलं आणि किल्ल्या वरच्या कप्प्यात. "दुःखात माणसाचं डोकं ठिकाणावर नसतं," असं म्हणून त्यानं तिच्या पाठीवरून हात फिरवला. तो हात तिला अजून जाळत होता. डॉक्टरांनी सांगितलं होतं, आज नाही तर उद्या जाणारच होत्या. पण आईला काय सांगायचं होतं? 'श्वास लागतोय, ते चालू कर' असं? की दुसरंच काही, साधंसुधं? तीन वर्षं तिला एवढंच हवं होतं. ते एक वाक्य कुणी तिला ऐकवलं असतं, तर बदल्यात तिनं काहीही दिलं असतं.

तिनं कानांवर हेडफोन चढवले आणि ते मिनिट लावलं.

आधी खोली आली. पडद्याची किंचित सळसळ. मग आईचा श्वास, आखूड, खरखरीत, काठावर अडकल्यासारखा. तो ऐकताच तिला रडू फुटलं. अडतिसाव्या सेकंदाला श्वास थांबला. त्यानंतर काही नाही. ती ध्वनिमुद्रणावेळी स्वतःचा श्वास रोखून धरायची, ती सवयच होती, त्यामुळे तिचाही नाही. संगणकाच्या पडद्यावर आवाजाची रेघ सपाट. चाळीस. पंचेचाळीस. पन्नास.

बावन्नाव्या सेकंदाला कुणीतरी श्वास आत घेतला.

बोलण्याआधी घेतात तसा.

आणि साठला मिनिट संपलं.

तिनं ते किती वेळा ऐकलं याला गणती नाही. जिवाचे कान करून ऐकलं. आवाज वाढवला, गाळला, ताणला. तो श्वास तसाच यायचा आणि तिथेच तुटायचा.

दुसऱ्या दिवशी सकाळी दिग्दर्शक आला. तिनं ते मिनिट चित्रावर बसवून त्याला दाखवलं. पडद्यावरची मुलगी, रिकामी खाट, ती शांतता. मिनिट संपलं. पडदा काळा झाला. तो बघतच राहिला.

"कसं वाटलं?"

तो काही बोलेना. भारावून गेलाय, असं तिला वाटलं. उठून कॉफी करून आणली. तो तसाच. डोळे उघडे, हात गुडघ्यांवर, पापणीसुद्धा लवेना. कॉफीवर साय धरली.

"अहो... बरं वाटत नाहीये का?"

तिनं त्याचा खांदा हलवला. खांदा हलला, माणूस हलला नाही. अर्धा तास झाला होता. छाती अगदी सावकाश, चोरट्यासारखी वरखाली होत होती, आणि प्रत्येक वेळी आधीपेक्षा थोडी कमी. हा पवित्रा तिनं शेकडो वेळा पाहिला होता. चित्रीकरणात, दोन बोटं वर गेल्यावर, सगळे असेच तर उभे असतात.

ती त्याच्यासमोर येऊन उभी राहिली.

"सोडलं," ती हळूच म्हणाली.

त्यानं भस्सकन श्वास सोडला. "ताई! हेच! हेच पाहिजे होतं मला. अंगावर काटा आला बघा." मग कपाकडे बघून म्हणाला, "कॉफी एवढी गार कशी हो?"

तो गेल्यावर तिनं दाराला आतून कडी घातली. ते मिनिट तिथल्या तिथे पुसून टाकावं, असं तिच्या मनात आलं. शप्पथ सांगतो, आलं. पण पुसण्याआधी एकदा शेवटचं ऐकावं म्हणून तिनं लावलं. बावन्नला श्वास. आणि त्यापुढे, काल जिथे काही नव्हतं तिथे, जिभेचा टाळूला अगदी हलका स्पर्श.

"टि..."

ती खुर्चीत मागे कोसळली.

आई अजून गप्प बसली होती. तीन वर्षं. कुणी सोडलंच नव्हतं तिला. आणि आता एका माणसानं अर्धा तास तिच्याबरोबर गप्प बसून दाखवलं, तेव्हा कुठे एक अक्षर पुढे सरकलं होतं.

शनिवारच्या सभागृहात एकशेवीस खुर्च्या होत्या.

तिला कळत नव्हतं असं नाही. धोका कळत होता. तो पोरगा अर्ध्या तासात कसा निस्तेज झाला होता, ते डोळ्यांसमोरून हलत नव्हतं. पण आपणच तिथे असू, वेळेवर 'सोडलं' म्हणू, दोन मिनिटांत कुणाचं काय बिघडतं, अशी तिनं मनाची समजूत घातली. एक मिनिटानं काय होतंय, असं ती पूर्वीही म्हणाली होतीच. पण माणसाचा जीव एखाद्या गोष्टीसाठी इतका कासावीस झाला, की त्याला स्वतःचेच शब्द ओळखू येत नाहीत.

शनिवारी दुपारी तीनचा खेळ. सभागृह लहानसंच, खुर्च्या जुन्या, स्प्रिंगच्या. माणूस उठला की बैठक 'फट्' करून आपोआप मिटायची. आदल्या दिवशीच्या चाचणीत त्या आवाजानं तिचं डोकं उठलं होतं.

दादा नवा शर्ट घालून आला होता. "आज माझ्या बारक्या बहिणीचा सिनेमा," असं दारातल्या माणसालाही सांगून झालं होतं. तो मधल्या रांगेत कडेला बसला. ती त्याच्याच बाजूला, कडेच्या वाटेत भिंतीला टेकून उभी राहिली. खांद्याला पिशवी, पिशवीत ध्वनिमुद्रणाचं यंत्र, कानांवर हेडफोन, हातात माइक. "प्रेक्षकांचे आवाज घेतेय," असं तिनं दिग्दर्शकाला सांगितलं होतं.

सिनेमा चांगला होता. लोक हसायच्या ठिकाणी हसले. मान मोडली तेव्हा एक बाई चक्क किंचाळली. आणि मग ते मिनिट आलं.

खोकला थांबला. कागदाची कुरकुर थांबली. मागे कुणाचं तरी तान्हं कुरकुरत होतं, तेही थांबलं. मिनिट संपलं, पडदा काळा झाला, आणि एकही माणूस हलला नाही.

हेडफोनमध्ये एकशेवीस जणांची शांतता तिनं आयुष्यात पहिल्यांदा ऐकली. भरलेल्या विहिरीसारखी होती ती. आणि त्या विहिरीच्या तळातून आवाज आला.

"टिटवे..."

तिनं हेडफोन कानांवर घट्ट दाबले. तीन वर्षांनी! "बोल ना," ती पुटपुटली. "बोल ना गं आई..."

पुढचं येईना. तिनं घड्याळ पाहिलं. दोन मिनिटं. आता सोडायला हवं होतं. आणखी थोडंसं, ती स्वतःशी म्हणाली. तीन मिनिटं. पडद्याच्या अंधुक उजेडात माणसांचे चेहरे राखेसारखे दिसायला लागले. चार. मागचं ते तान्हं... त्याचा श्वास तिला हेडफोनमध्ये वेगळा ऐकू येत होता, चिमणीएवढा, आणि तो लांब लांब होत चालला होता. तिला स्वतःची किळस आली. तरी ती थांबली. हे मी लपवणार नाही, ती थांबली.

पाचव्या मिनिटाला दादानं मान वळवली.

सगळ्या सभागृहात तेवढी एकच मान. हळूहळू, उशीवरून वळवावी तशी. त्याचे ओठ उघडले. आवाज हेडफोनमध्ये आला आणि त्याच वेळी त्याच्या तोंडातूनही आला. दादानं जन्मात जे नाव घेतलं नव्हतं, ते घेऊन, आईच्या त्या दबक्या स्वरात.

"टिटवे, आता बोलू का?"

बस्. आता फक्त हो म्हणायचं होतं. ज्यासाठी तीन वर्षं ती तळमळली, ते एका शब्दावर आलं होतं. बोल, एवढंच. पण त्या क्षणी तिला कळलं की ते वाक्य काय असणार हे तिला ठाऊक आहे. कायमच ठाऊक होतं. आणि ते आईच्या तोंडून ऐकून जगायची तिच्यात ताकद नव्हती.

तिचा हात वर गेला. तिनं नेला नाही, तो गेला. दोन बोटं.

दादाच्या चेहऱ्यावर समजूतदार हसू आलं, आईचं. त्यानं शहाण्या मुलीसारखं तोंड मिटलं. छाती थांबली. त्याची थांबली, शेजारच्याची थांबली, रांगेमागून रांग थांबत गेली, आणि मागचा तो चिमणीएवढा श्वासही थांबला.

"सोडलं!" ती किंचाळली. "सोडलं! आई, सोडलं गं... सगळ्यांना सोडलं!"

एकशेवीस जणांनी एकदम श्वास सोडला. दिवे लागले, टाळ्या पडल्या. तान्हं भोकाड पसरून रडू लागलं आणि तो आवाज तिला जगातल्या कुठल्याही सुरापेक्षा गोड वाटला. दिग्दर्शकानं तिचे दोन्ही हात धरले. दादा डोळे पुसत जवळ आला.

"मस्तच गं बारके. शेवट जरा लांबला एवढंच." तिच्याकडे बघून तो चपापला. "अगं, रडतेस काय? चल, आईला किती आनंद झाला असता. मी गाडी दाराशी आणतो."

फट्, फट्, फट्, खुर्च्या मिटत गेल्या. माणसं बोलत, हसत बाहेर पडली. ती भिंतीला टेकून शेवटपर्यंत उभी राहिली, मग तीही निघाली. पिशवीतलं यंत्र तिनं बंद केलं होतं. ते मिनिट घरी गेल्याबरोबर पुसायचं, दादाला सगळं खरं सांगायचं, असं ठरवून ती पायऱ्यांपर्यंत पोचली.

"ताई," दारातल्या माणसानं हाक मारली. "त्या आतल्या आजी तुमच्याच ना?"

"कुठल्या आजी?"

"मधल्या रांगेत बसल्यात. कुलूप लावायचंय म्हणून सांगायला गेलो, तर त्यांनी मला अशी खूण केली." त्यानं दोन बोटं वर केली. "म्हटलं, कुणाची वाट बघत असतील. पाच मिनिटांत लावतो हं कुलूप."

ती आत गेली. आत कुणी नव्हतं. दिवे सगळे लागलेले, पडदा पांढरा. एकशेवीस खुर्च्यांच्या बैठका मिटलेल्या होत्या. एकशेवीस म्हणतोय, पण एकशेएकोणीस. दादा जिथे बसला होता, त्याच्या शेजारच्या खुर्चीची बैठक खाली होती. स्प्रिंग अगदी किंचित कुरकुरत होती, ओझ्याखाली कुरकुरते तशी.

बाहेर दादानं गाडीचा भोंगा वाजवला.

तिला जाता आलं असतं. पण उभ्या आयुष्यात आईनं तिच्याकडे पहिल्यांदा काही मागितलं होतं, आणि तेही एक मिनिट. ती गेली. दादाच्या खुर्चीची बैठक खाली ओढून, त्या उघड्या खुर्चीशेजारी बसली. सवयीनं तिनं श्वास रोखला आणि मनगटावरच्या घड्याळावर नजर लावली.

वीस. चाळीस. भोंगा पुन्हा वाजला, मग लांब गेल्यासारखा वाटला.

साठ झाले.

एकसष्ट. बासष्ट. शेजारची स्प्रिंग कुरकुरत होती, आणि कुणीच काही म्हणत नव्हतं.